वर्षाच्या मध्यात बदली, घरी डायलिसिस आणि दहावी: काय करता येते

प्रश्न थोडक्यात असा आहे. राज्य शासनाच्या कार्यालयात वरिष्ठ लिपिक, गट-क. नाशिकला रुजू होऊन दोन वर्षे दोन महिने झाले. ऑगस्टमध्ये ‘प्रशासकीय कारणास्तव’ नंदुरबार जिल्ह्यातल्या अक्कलकुव्याला बदलीचा आदेश आला. पत्नी निफाड तालुक्यात जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षिका, मुलगी दहावीत, आईचे आठवड्यातून तीनदा डायलिसिस. बदली रद्द होईल का, आणि त्यासाठी काय करायचे?

यात दोन वेगळे प्रश्न आहेत. हा आदेश कायद्याप्रमाणे निघाला आहे का, हा पहिला. घरच्या अडचणीचा विचार व्हायला हवा होता का, हा दुसरा. बहुतेक जण दोन्ही एकाच अर्जात कालवतात, आणि मग कार्यालय सोयीचा तेवढा भाग उचलून उत्तर देते: ‘आपल्या कौटुंबिक अडचणींबाबत सहानुभूती आहे, तथापि प्रशासकीय निकड पाहता विनंती मान्य करता येत नाही.’ कायदेशीर मुद्द्याला उत्तरच मिळत नाही. म्हणून कागद दोन ठेवा.

पहिल्या प्रश्नाचे उत्तर राज्य शासकीय कर्मचाऱ्यांच्या २००५ च्या बदली अधिनियमात आहे. कलम ३ प्रमाणे गट अ, ब आणि क साठी एका पदावरचा सर्वसाधारण कालावधी तीन वर्षांचा. मंत्रालयाबाहेरच्या गट-क कर्मचाऱ्याला त्या कार्यालयात असे दोन पूर्ण कालावधी, म्हणजे सहा वर्षे, झाल्यावर दुसऱ्या कार्यालयात हलवायचे असते. कलम ४ प्रमाणे बदलीपात्र कर्मचाऱ्यांची यादी जानेवारीत तयार होते आणि बदल्या वर्षातून एकदाच, एप्रिल किंवा मे महिन्यात होतात. तुमचा आदेश दोन्ही बाजूंनी अपवादात बसतो: मुदत पूर्ण होण्याआधीचा, म्हणजे मुदतपूर्व, आणि एप्रिल-मे सोडून निघालेला, म्हणजे मध्यावधी. मध्यावधी बदलीला कलम ४(४) चे परंतुक, म्हणजे त्यातली अपवादाची तरतूद, लागते, मुदतपूर्व बदलीला कलम ४(५). ४(५) खाली आणि ४(४) च्या ‘अपवादात्मक परिस्थिती किंवा विशेष कारणे’ या वाटेने बदली करायची तर दोन अटी आहेत: कारणे लेखी नोंदवलेली हवीत आणि लगतच्या वरिष्ठ प्राधिकाऱ्याची मान्यता आधी घेतलेली हवी. गट-क साठी सक्षम प्राधिकारी विभागप्रमुख असतात. त्यांच्या वरची मान्यता आदेशाच्या तारखेच्या आधीची आहे का, हे पाहायचे. नंतर घेतलेली ‘कार्योत्तर मान्यता’ ही पूर्वमान्यता नव्हे.

आदेश हातात घेऊन पुन्हा वाचा. वर संदर्भात काय दिले आहे? कलम ४(४), ४(५) चा उल्लेख आहे का? बदल्यांची शिफारस करणाऱ्या नागरी सेवा मंडळाच्या बैठकीची तारीख आहे का? सर्वोच्च न्यायालयाने ऑक्टोबर २०१३ मध्ये टी. एस. आर. सुब्रमणियन प्रकरणात अशी मंडळे नेमायला सांगितले आणि राज्याने ३१ जानेवारी २०१४ च्या शासन निर्णयाने ती नेमली. तुमच्या जागी कोणाला आणले, आणि तो आदेश त्याच दिवशीचा आहे का? हा शेवटचा प्रश्न सगळ्यात महत्त्वाचा. एखाद्याची विनंती बदली करायची, जागा रिकामी नाही, म्हणून तिथल्या माणसाला ‘प्रशासकीय कारणास्तव’ हलवायचे, हा प्रकार नेहमीचा आहे. दुसऱ्याची सोय हे तुम्हाला मुदतीआधी हलवण्याचे विशेष कारण होत नाही, आणि सेवाविषयक वाद ऐकणाऱ्या प्रशासकीय न्यायाधिकरणापुढे असे आदेश टिकायला अवघड जाते.

कारणांबाबत आणखी एक. ‘प्रशासकीय कारणास्तव’ हे दोन शब्द म्हणजे कारण नव्हे, ते कारणाचे शीर्षक झाले. प्रत्यक्ष कारण नस्तीवरच्या, म्हणजे फाईलवरच्या, टिपणीत असायला हवे: कोणते काम अडले, कोणती तक्रार आली, तिची चौकशी कोणी केली, याच कर्मचाऱ्याला का. टिपणीत काहीच नसेल तर नंतर शपथपत्रातून ते भरून काढता येत नाही. आदेश त्यातल्याच कारणांवर तपासायचा, हे सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर १९७७ च्या मोहिंदर सिंग गिल निकालात सांगितलेले आहे. तक्रारीवरून बदली असेल आणि चौकशी न करता केली असेल, तर ती शिक्षेऐवजी केलेली बदली ठरू शकते. सोमेश तिवारी प्रकरणात डिसेंबर २००८ मध्ये निनावी तक्रारीवरून केलेली बदली रद्द झाली.

मात्र कार्यालयाची बाजूही समजून घ्या, कारण समोरून तीच येणार. अक्कलकुवा हा आदिवासी तालुका. तिथली पदे वर्षानुवर्षे रिकामी राहतात आणि त्याची किंमत तिथले लोक मोजतात. ‘आदिवासी क्षेत्रातील रिक्त पद प्राधान्याने भरणे’ हे कारण नस्तीवर लेखी असेल, वरची मान्यता आधीची असेल आणि तुमच्या जागी कोणालाच दिलेले नसेल, तर कायदेशीर बाजू अर्धी कमकुवत झाली असे धरा. तेव्हा प्रश्न उरतो तो एवढाच की याच माणसाला का, यादीत मुदत पूर्ण झालेले दुसरे होते की नाही. तुमच्या संवर्गात नाशिकमध्ये तीन वर्षे उलटलेले किती आहेत, याची यादी काढा. ज्येष्ठता यादी आणि जानेवारीची बदलीपात्र यादी पुरेशी आहे.

आता वेळ. आदेश निघाल्यापासून कार्यमुक्त होईपर्यंतचे दिवस सोन्याचे असतात. कार्यमुक्त होण्याआधी आणि तुमच्या जागी दुसरा रुजू होण्याआधी न्यायाधिकरणात पोचलात तर ‘जैसे थे’ मिळण्याची शक्यता खरी असते. दुसरा रुजू झाला की त्याचाही हक्क उभा राहतो, आणि स्थगितीऐवजी अंतिम सुनावणीची तारीख मिळते. म्हणून माहिती अधिकारात नस्ती मागवून मग ठरवू, असा विचार करू नका. तो अर्ज दहा रुपयांत जरूर टाका, पण त्याच्या उत्तराला तीस दिवस आहेत. न्यायाधिकरणातल्या मूळ अर्जातच ‘बदलीची नस्ती आणि नागरी सेवा मंडळाचे इतिवृत्त सादर करण्याचे निर्देश द्यावेत’ अशी मागणी करायची.

महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे मॅट, मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर येथे बसते. जाताना लागणारे कागद: बदलीचा आदेश, रुजू झाल्याचा अहवाल, सेवापुस्तकाच्या पहिल्या पानाची आणि शेवटच्या पदस्थापनेच्या नोंदीची प्रत, तुमच्या निवेदनाची पोच, तुमच्या जागी आलेल्याचा आदेश. त्या व्यक्तीला प्रतिवादी केल्याशिवाय चालत नाही. हे राहिले की पहिली तारीख दुरुस्तीतच जाते. अर्जाची प्रत न्यायाधिकरणात शासनाची बाजू मांडणाऱ्या मुख्य सादरकर्ता अधिकाऱ्यांच्या कार्यालयात आधी द्या, कारण समोरच्याला प्रत आणि संधी न देता दिलेला अंतरिम आदेश १९८५ च्या प्रशासकीय न्यायाधिकरण कायद्याच्या कलम २४ प्रमाणे चौदा दिवसांपुरताच असतो. आधी निवेदन देऊन उत्तराची वाट पाहायला हवी, असा नियम ‘सर्वसाधारणपणे’ आहे. बदलीच्या तातडीत निवेदन दिल्याची पोच घेऊन लगेच जाता येते. पण पोच हवीच, आवक क्रमांक आणि शिक्क्यासह. ई-मेलवर पाठवले असेल तरी एक प्रत टपाल शाखेत द्या.

आणि एक चूक अजिबात करू नका. निवेदन दिले आहे, म्हणून रुजू व्हायचे नाही, असे चालत नाही. १९८९ च्या गुजरात वीज मंडळाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट सांगितले आहे की स्थगिती नसेल तर आदेश पाळावाच लागतो. निवेदन प्रलंबित असणे हे कारण नाही. अनेक जण आदेश टाळण्यासाठी वैद्यकीय रजा टाकतात. मग कार्यालय एकतर्फी कार्यमुक्त करते, प्रकरण वैद्यकीय मंडळाकडे जाते, सेवार्थ या वेतन प्रणालीत वेतन थांबते, अनधिकृत गैरहजेरीची नोटीस निघते. ज्या घरात डायलिसिस चालू आहे तिथे तीन महिने पगार बंद होणे म्हणजे काय, हे तुम्हाला वेगळे सांगायला नको. स्थगिती मिळाली नाही तर रुजू व्हा आणि रुजू अहवालावर लिहा: ‘न्यायाधिकरणातील अर्जाच्या निर्णयास अधीन राहून.’ रुजू झाल्याने अर्ज संपत नाही.

आता दुसरा प्रश्न, घरच्या अडचणीचा. इथे कायद्याची भूमिका वेगळी आहे. पती-पत्नी एका ठिकाणी असावेत, हा हक्क नाही. १९९० च्या दशकातले सर्वोच्च न्यायालयाचे निकाल तेच सांगतात: बदली ही सेवेची अट आहे आणि मार्गदर्शक सूचनांवरून ती रद्द करून मागता येत नाही. मार्च २०२२ च्या एस. के. नौशाद रहमान निकालाने हे मूळ तत्त्व बदलले नाही, पण एक मोलाची भर घातली: धोरण ठरवताना शासनाने कर्मचाऱ्याच्या कौटुंबिक जीवनाचा, पती-पत्नी एकत्र राहण्याचा, दिव्यांगांच्या गरजांचा विचार करायला हवा, कारण कौटुंबिक जीवन हा प्रतिष्ठेने जगण्याचा भाग आहे. मुलीच्या शिक्षणासाठी १९९४ चा करुप्पा थेवन निकाल उपयोगी पडतो: निकड तातडीची नसेल तर शैक्षणिक वर्षाच्या मध्यात बदली करताना मुलांच्या शिक्षणाला योग्य वजन द्यावे. म्हणजे मागायची गोष्ट ‘बदली माझ्या अडचणीमुळे रद्द करा’ ही नसून ‘माझ्या अडचणीचा विचार करून कारणांसह निर्णय द्या’ ही आहे. विचारच न करता नाकारले, तर तिथे दाद मिळते.

राज्याच्या धोरणात आधार आहे तो ९ एप्रिल २०१८ च्या समुपदेशनाने बदल्यांच्या शासन निर्णयाचा. पदे उघड करून, पसंतीक्रम घेऊन आणि दिव्यांगत्व, गंभीर आजार, पती-पत्नी एकत्रीकरण अशा कारणांना प्राधान्य देऊन बदल्या कराव्यात, ही त्याची चौकट. तुमच्या बाबतीत पसंतीक्रम विचारलाच गेला नसेल तर तो मुद्दा कायदेशीर अर्जातही जातो.

अडचण खरी असणे पुरेसे नसते. ती कार्यालयाला नाकारता येणार नाही अशा कागदावर दिसली पाहिजे. आईच्या डायलिसिससाठी खासगी रुग्णालयाचे पत्र जोडाच, पण त्यावर जिल्हा शल्यचिकित्सकांचे प्रमाणपत्र हवे. त्यात निदान, आठवड्यातून किती वेळा, कधीपासून, आणि सोबत माणूस लागतो का, हे चारही मुद्दे असावेत. ‘सतत उपचारांची गरज आहे’ एवढ्याच वाक्याचे प्रमाणपत्र निरुपयोगी. आई तुमच्यावर अवलंबून आहे, याचा सर्वांत बळकट पुरावा तुमच्याच आस्थापना शाखेत पडून असतो: वैद्यकीय प्रतिपूर्तीची मंजूर देयके. कार्यालयाने स्वतः मंजूर केलेले अवलंबित्व त्याला नंतर नाकारता येत नाही. उपचार शासकीय आरोग्य योजनेतून होत असतील तर तिथली मंजुरी जोडा.

दोन प्रश्न समोरून हमखास येतात, त्यांची उत्तरे आधीच अर्जात द्या. पहिला: आईला सोबत का नेत नाही? त्यासाठी नव्या ठिकाणापासून सर्वांत जवळचे डायलिसिस केंद्र कुठे आहे, तिथे पाळी मिळते का, हे त्या केंद्राकडून लेखी घ्या. तिथे सोय आहे असे दिसले तर ‘सोयच नाही’ असे लिहू नका. आठवड्यातून तीन फेऱ्यांचे अंतर आणि वेळ लिहा, ते खरे आणि पुरेसे असते. दुसरा: दुसरे भाऊ-बहीण आहेत का? असतील तर ते कुठे राहतात आणि का सांभाळू शकत नाहीत, हे दोन ओळींत लिहा. लपवले आणि नंतर निघाले, तर उरलेला सगळा अर्ज संशयास्पद ठरतो.

निवेदन दीड पानाचे असावे. पहिल्या परिच्छेदात आदेशाचा क्रमांक आणि तारीख, दुसऱ्यात सेवेचा तपशील, तिसऱ्यात अडचण आकड्यांत, चौथ्यात मागणी. मागणी एकच ठेवू नका, उतरत्या क्रमाने तीन द्या. साधारण अशी:

‘१) सदर बदली रद्द करून नाशिक येथील पदावर कायम ठेवावे. २) ते शक्य नसल्यास नाशिक जिल्ह्यातील खालील रिक्त पदांपैकी एकावर पदस्थापना द्यावी. ३) तेही शक्य नसल्यास मुलीची दहावीची परीक्षा पूर्ण होईपर्यंत, म्हणजे पुढील नियतकालिक बदल्यांपर्यंत, आदेशाची अंमलबजावणी पुढे ढकलावी.’

तिसरी मागणी लिहायला लोक कचरतात, पण अधिकाऱ्याला मान्य करायला ती सर्वांत सोपी असते. आदेश मागे घेतला असे दिसत नाही, शिस्तही राहते, आणि तुम्हाला मिळतात सात-आठ महिने. तेवढ्यात जानेवारीची यादी येते आणि समुपदेशनात पसंतीक्रम देता येतो. दुसऱ्या मागणीत मात्र ‘कुठेही जवळ द्या’ असे लिहू नका. पदनाम, कार्यालय, कधीपासून रिक्त, अशी नावानिशी पदे द्या. रिक्त पद शोधणे हे आस्थापना शाखेचे काम असले तरी प्रत्यक्षात ते तुम्हालाच करावे लागते. पद दाखवले नाही तर ‘रिक्त पद उपलब्ध नाही’ हा शेरा ठरलेला. आपसी बदलीला तयार असलेला सहकारी मिळाला तर दोघांचे अर्ज एकत्र, दोघांच्या सहीने द्या.

आमदार-खासदारांचे शिफारसपत्र जोडू नका. वर्तणूक नियमांत राजकीय किंवा बाहेरचा दबाव आणण्याला मनाई आहे, आणि ते पत्र तुमच्या नस्तीत कायमचे राहते. उलट तुमच्या जागी आलेल्याच्या नस्तीत तसे पत्र निघाले तर तो तुमच्या बाजूचा मुद्दा होतो. तुमच्याही नस्तीत तसेच पत्र असेल तर तो मुद्दा गेला.

पत्नीचा मार्ग वेगळा आहे, हे नीट समजून घ्या. जिल्हा परिषद कर्मचाऱ्यांना २००५ चा बदली अधिनियम असा थेट लागू नाही आणि त्यांची प्रकरणे मॅटमध्ये चालत नाहीत; त्यांना ग्रामविकास विभागाची शिक्षक बदली धोरणे आणि शेवटी उच्च न्यायालय. तिथे पती-पत्नी एकत्रीकरण ‘विशेष संवर्ग भाग २’ मध्ये येते आणि दोघांच्या नेमणुकीच्या ठिकाणांत तीस किलोमीटरपेक्षा जास्त अंतर असावे लागते. मात्र नाशिकमधून नंदुरबार जिल्हा परिषदेत जाणे म्हणजे आंतरजिल्हा बदली. तिला तिकडे बिंदुनामावलीत, म्हणजे आरक्षणनिहाय जागांच्या तक्त्यात, जागा हवी, आणि नव्या जिल्ह्यात ज्येष्ठता सर्वांत खाली लागते. पदोन्नती जवळ असेल तर हा सौदा फार महाग आहे. दहावीतल्या मुलीसकट सगळे घर हलवण्यापेक्षा आधी तुमची पदस्थापना धुळ्यापर्यंत तरी आणता येते का ते पाहा. अंतराचा दाखला देताना काटेकोर राहा. ऑनलाइन बदल्यांत चुकीच्या अंतरावर लाभ घेतल्यास शिस्तभंगाची कारवाई होते.

तुम्ही स्वतः विनंती बदली मागितली तर तिचीही किंमत असते. बदली प्रवास भत्ता मिळत नाही आणि पदग्रहण अवधीही नाही. प्रवासाचे दिवस रजेतून जातात. दुसऱ्या नियुक्ती प्राधिकाऱ्याच्या संवर्गात कायमस्वरूपी समावेशन मागितले तर ज्येष्ठता गमवावी लागते. म्हणून सध्याच्या निवेदनात ‘माझ्या विनंतीवरून’ असे शब्द चुकूनही घालू नका. हा आदेश प्रशासकीय आहे, त्यातला बदलही प्रशासकीयच राहू द्या. भत्त्याची रक्कम लहान नसते.

जावेच लागले, तर काही गोष्टी लगेच करा. अंतिम वेतन प्रमाणपत्र कार्यमुक्तीसोबतच घ्या, नाहीतर पहिला पगार दोन महिने अडकतो. शासकीय निवासस्थान असेल तर ते शैक्षणिक वर्ष संपेपर्यंत ठेवण्याची लेखी परवानगी कार्यमुक्त होण्याआधीच मागा. नंतर मागितल्यास दंडनीय दराने भाडे लागण्याची भीती असते. आदिवासी क्षेत्रासाठी ६ ऑगस्ट २००२ च्या शासन निर्णयातली एकस्तर, म्हणजे एक टप्पा वरची, वेतनश्रेणी लागू होते का, ते रुजू होताच लेखी विचारा. त्या भागात ठरलेला कालावधी पूर्ण केल्यावर पसंतीच्या ठिकाणाचा विचार होतो, त्यामुळे रुजू दिनांकाची सेवापुस्तकातली नोंद तपासून ठेवा. राज्यात महिला कर्मचाऱ्यांना बाल संगोपन रजा एकूण १८० दिवसांची आहे, एका वर्षात जास्तीत जास्त दोन महिने. पत्नीला ही रजा लागू असेल तर ती आताच संपवू नका. परीक्षेच्या आसपास ती जास्त उपयोगी पडेल.

तीन वर्गांसाठी वरचे बरेचसे लागू होत नाही. पोलिसांच्या बदल्या महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या कलम २२-न खाली होतात, तिथली मुदत आणि मंडळे वेगळी आहेत. निवडणुकीआधी आयोगाच्या निर्देशाने होणाऱ्या बदल्यांत, म्हणजे गृहजिल्हा किंवा चार वर्षांत तीन वर्षे एका जिल्ह्यात या निकषांवर, घरच्या कारणाला फारशी जागा नसते. केंद्र सरकारच्या कर्मचाऱ्यांनी पती-पत्नीसाठी ३० सप्टेंबर २००९ चे आणि दिव्यांग अवलंबितांची काळजी घेणाऱ्यांसाठी ८ ऑक्टोबर २०१८ चे कार्मिक विभागाचे ज्ञापन पाहावे.

आज करायचे ते एवढे: निवेदन टपाल शाखेत देऊन पोच घेणे, जिल्हा शल्यचिकित्सकांकडे प्रमाणपत्रासाठी जाणे, आणि तुमच्या जागी कोणाचा आदेश आहे ते शोधणे. तिसऱ्याचे उत्तर ‘अमुक यांच्या विनंतीनुसार’ असे निघाले, तर वकिलाकडे उद्याच जा.